चार सह्यांसाठी कासारवाडी ते कुरुळी

लोक लडाखला जातात, स्पितीला जातात, आणि परत आल्यावर त्यांच्या ब्लॉगवर निळंशार आकाश असतं. मी कासारवाडीहून देहूरोडला आणि कुरुळीला गेले. दोन दिवस, एक स्कूटर, मागच्या सीटवर वडील. आकाश होतंच, पण ते कंटेनरच्या पलीकडे कुठंतरी. तरीही हे प्रवासवर्णन लिहितेय, कारण इतक्या कमी पेट्रोलमध्ये इतका पाणउतारा करून घ्यायची सोय मला दुसऱ्या कुठल्याही सहलीत मिळालेली नाही.

आधी कारण सांगते. मी फोटोंचं एक पुस्तक काढलंय. नाव 'शिफ्ट आणि सावली'. हे नाव सुचलं तेव्हा मी स्वतःवर इतकी खूश होते, की दोन दिवस घरात कुणी चहा विचारला तरी खिडकीबाहेर बघत उत्तर द्यायचे. सात वर्षं शनिवार-रविवार पिंपरी, भोसरी, चाकण पट्ट्यात फिरून काढलेले फोटो, सगळे काळे-पांढरे. "रंग म्हणजे गोंगाट," असं मी एका मुलाखतीत म्हटलं होतं. मुलाखत घेणारी माझीच मैत्रीण होती. एरवी मी एका आयटी कंपनीत टेस्टिंग करते, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधून त्यांना नम्र ईमेल पाठवते.

पुस्तकाच्या बऱ्याच प्रती आमच्या दिवाणाखाली होत्या आणि आहेत. पण मधे एक चमत्कार झाला. पुण्यातल्या एका कलादालनानं त्यातले वीस फोटो लावायचं कबूल केलं. अट एकच: ज्यांचे चेहरे ओळखू येतात, त्या प्रत्येकाचं सहीचं संमतीपत्र हवं. मी वीस फोटो मांडून बसले तर चेहरे फक्त चारांत निघाले. बाकी सगळे पाठमोरे. प्रस्तावनेत मी त्याला 'अनामिकतेची प्रतिष्ठा' असं म्हटलंय. खरं सांगायचं तर समोर जाऊन "फोटो काढू का" विचारायला मी घाबरायचे, म्हणून लोक पुढे गेले की मागून काढायचे.

तर चार सह्या. कासारवाडी स्टेशनबाहेर किल्ल्या बनवणारे रशीदभाई. देहूरोडच्या बाजारात फौजी वर्दी शिवणारे उत्तमकाका. कुरुळीच्या हिराबाई, ज्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावरच आहेत. आणि पान एकतीसवर आमचे पप्पा, हॉलमधल्या खुर्चीत डोळे मिटून बसलेले. त्या फोटोखाली मी एकच शब्द छापलाय: 'थकवा'. कलादालनवाल्या बाईंना हाच फोटो सगळ्यात जास्त आवडला होता.

पप्पा पिंपरीच्या एका कंपनीत चौतीस वर्षं क्वालिटी इन्स्पेक्टर होते. पुस्तक छापून आलं तेव्हा त्यांनी ते उलटंसुलटं केलं, पानं धरून हलकेच ओढून बघितली आणि म्हणाले, "बाइंडिंग चांगलंय." बस. मला वाईट वाटलं होतं. आई असती तर निदान चार जणींना फोन तरी केला असता. ती जाऊन दोन वर्षं झाली, घरात आम्ही दोघंच. घरची सही काय, कधीही मिळेल, म्हणून मी पप्पांचा फॉर्म त्यांच्यासमोर ठेवला. "बघू," ते म्हणाले आणि त्यांनी तो टीव्हीखाली सरकवला. तो तिथेच राहिला.

शनिवारी सकाळी मी पुस्तकांची पिशवी उचलली तर पप्पा बूट घालून तयार.

"तुम्ही कुठं?"

"पुस्तकांना वजन आहे. स्कूटरला मागं माणूस पाहिजे, नाहीतर बॅलन्स जातो."

हे विज्ञान मला पटलं नाही, पण चौतीस वर्षं लोखंड तपासलेल्या माणसाशी वजनावर वाद कोण घालणार.

पहिला मुक्काम घरापासून पाच मिनिटांवर. रशीदभाईंचं दुकान म्हणजे स्टेशनच्या भिंतीला टेकवलेली एक पेटी आणि खिळ्यांना लटकवलेल्या किल्ल्या. पुस्तक उघडून मी त्यांचं पान समोर धरलं. त्यांनी बराच वेळ पाहिलं. मग शांतपणे विचारलं, "ताई, आपण कधी गेलो?"

"कुठं?"

"वर." त्यांनी बोटानं दाखवलं आणि तेच बोट पुढं चौकाकडे नेलं. तिथं दोन फ्लेक्स होते. एकावर गॉगल लावलेला कुणीतरी युवा नेता, मागं डरकाळी फोडणारा वाघ, रंग असे की डोळे दुखावेत: वाढदिवस. दुसऱ्यावर एक गृहस्थ, काळे-पांढरे: भावपूर्ण श्रद्धांजली.

आमच्या भागात हा नियम लहान पोरालाही ठाऊक असतो. माणूस आहे तोवर रंगीत, गेला की काळा-पांढरा. सात वर्षं याच फ्लेक्सखालून कॅमेरा गळ्यात घालून गेलेल्या मला तो ठाऊक नव्हता. म्हणजे मी एकशे वीस पानांचं, जाड कागदाचं श्रद्धांजलीचं पुस्तक काढलं होतं, आणि त्यातले बहुतेक लोक रोज डबा घेऊन कामावर जात होते.

रशीदभाईंनी खालची ओळ वाचायला लावली. 'बंद दारांचं शहर'.

"बंद कशाला?" ते म्हणाले. "बंद दारावर मी जातो, पण उघडूनच परत येतो. धंदाच तो आहे."

पप्पा हसले. रशीदभाईंनी फॉर्मवर आधी उर्दूत सही केली, मग कलादालनवाल्यांना समजावी म्हणून शेजारी मराठीत. पुस्तक त्यांनी किल्ल्यांच्या फळीवर उभं केलं. गिऱ्हाईक विचारील, म्हणाले. एक सही झाली. मला वाटलं, सोपं आहे.

देहूरोडला जायचं तर लोकल बरी. पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, की पुढचं देहूरोड, तिकीट एका चहाइतकंही नाही. आम्ही पुस्तकांमुळे जुन्या हायवेनं स्कूटरवर गेलो. निगडीपर्यंत सिग्नल मोजत जायचं, निगडी सुटली की झाडं लागतात आणि एकदम हवा बदलते. एक सूचना: देहूरोडात कॅमेरा बॅगेत ठेवा. भिंतीच्या आत काय आहे ते लष्कराचं आहे, आणि तुमच्या कलादृष्टीचं त्यांना काही कौतुक नाही. मला एकदा अर्धा तास बाकावर बसवून ठेवलं होतं. तो किस्सा मी मित्रांना जरा वाढवून सांगते.

पप्पांच्या आग्रहाखातर आधी बुद्धविहारात जाऊन आलो. मग बाजार. उत्तमकाकांच्या दुकानाचं शटर अर्धं उघडं होतं. आत त्यांच्या मशीनवर त्यांचा मुलगा खाकी पँटीला दुमड घालत होता आणि स्टुलावर काकू फीत कापत होत्या. मी पिशवीतून पुस्तक काढत हसत विचारलं, "काका कुठायत?"

काका थंडीत गेले होते. झोपेतच.

मी पुस्तक पुन्हा आत सारायला लागले. काकूंनी हात पुढं केला. "दाखव की." त्यांनी पान उघडलं, मांडीवर घेतलं. फोटोत काका सुईत दोरा ओवतायत, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. काकूंनी त्यांच्या चेहऱ्यावर नाही, छातीवर बोट ठेवलं.

"ह्यो स्वेटर मरून आहे," त्या म्हणाल्या. "मी इणलेला. हितं राखाडी दिसतोय."

"हो."

"रंगीत नाही का?"

"आहे," मी म्हणाले. "मूळ फोटो रंगीतच होता. रंग मी काढले."

"का बरं?"

या प्रश्नावर माझ्या पुस्तकात साडेतीन पानांची प्रस्तावना आहे. त्यातलं एकही वाक्य मला त्या दुकानात आठवेना. मी मोबाइलवर जुन्या फाइली शोधायला लागले. नेट जाऊन येऊन होतं, दहा मिनिटं लागली. मग तो फोटो सापडला. मरून स्वेटर, त्याच्या बाहीला पिवळा दोरा चिकटलेला, मागं हिरव्या वर्द्यांचा ढीग. मी मोबाइल काकूंच्या हातात दिला.

"हां," त्या म्हणाल्या. "हे हायत." आणि पदराच्या टोकानं त्यांनी स्क्रीन पुसला, जरी तो स्वच्छ होता.

मुलानं फोटो आपल्या मोबाइलवर घेतला. भिंतीवर लावायला त्यांच्याकडे पासपोर्टचा एक मोठा केलेला फोटो होता, त्यात काका घाबरल्यासारखे दिसत होते. काकूंनी सही केली, आपलं नाव, आणि खाली 'उत्तम यांची पत्नी'. जेवून जा म्हणाल्या, आम्ही नाही म्हणालो आणि बाजारात पुरी-भाजी खाल्ली. चांगली होती, गरम होती, याहून जास्त तिच्याविषयी मला आठवत नाही.

परतीच्या वाटेवर आकुर्डी आली. मागून पप्पांच्या हेल्मेटमधून आवाज आला. "एका लॉटमधे दोन पीस रिजेक्ट निघाले, की अख्खा लॉट थांबवायचा असतो."

"दोघांनीही सही केली की पप्पा."

"सही त्यांनी माणुसकीनं केली."

मी हॉर्न वाजवला. पुढं कुणी नव्हतं.

रविवारी कुरुळी. ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी: नाशिक फाट्यावरून वळा, भोसरी, मोशी, मग इंद्रायणीचा पूल, चिंबळी फाटा आणि लगेच कुरुळी. सकाळी सातच्या आत निघा. रविवारी कंपन्यांच्या बस कमी असतात, पण कंटेनरना रविवार नसतो. तोंडाला रुमाल बांधा, पांढरे कपडे घालू नका, आणि मोशीच्या अलीकडे मिसळ खाऊन घ्या. दोन मिसळी, जास्तीचे चार पाव आणि दोन चहा मिळून दोनशेच्या आसपास झाले. पप्पांनी पाव दाबून बघितला, उलटा केला, खालून जळालाय का ते बघितलं आणि मगच खाल्ला. मिसळवाला त्यांच्याकडे बघत होता. मला सवय आहे.

हिराबाईंचा फोटो ही माझी सगळ्यात लाडकी चीज. चार वर्षांपूर्वी काढलेला. एक म्हातारी पडक्या भिंतीपुढं दगडावर बसलीय, लुगडं विटलेलं, कपाळावर हात धरून लांब कुठंतरी बघतेय. खाली ओळ: 'गेलेल्या रानाकडे पाहताना'. हा फोटो मी इंटरनेटवर टाकला तेव्हा लोकांनी रडणाऱ्या चेहऱ्यांची रांग लावली होती. हिराबाईंची सही मिळाली नाही तर मुखपृष्ठच दालनात लागणार नव्हतं, आणि मुखपृष्ठ नसेल तर प्रदर्शनच नको, असं त्या बाईंनी स्वच्छ सांगितलं होतं.

कुरुळीत शिरलं की आधी दोऱ्या दिसतात. खोल्यांच्या ओळी, आणि प्रत्येक दारापुढं दोरीवर वाळणारे कंपन्यांचे शर्ट, निळे, करडे, खिशावर वेगवेगळी नावं. दारात निळी पिंपं. रात्रपाळीहून आलेली मुलं दात घासत उभी. हिराबाईंचं घर विचारलं तर एकानं बोट दाखवलं. "मालकीणबाईंचं? ते काय, टाइल्सवालं."

माझ्या डोक्यात मातीचं घर होतं. हे दुमजली होतं, वर टाकी, दारात ट्रॅक्टर आणि नातवाची मोटरसायकल. हिराबाई ओट्यावर लसूण सोलत होत्या. त्यांनी मला लांबूनच ओळखलं.

"आलीस व्हय? मारून टाकलंस की मला."

मी हसले. त्या हसल्या नाहीत.

झालं होतं असं. माझा तो फोटो फिरत फिरत त्यांच्या भावकीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर गेला. काळा-पांढरा फोटो, म्हातारी, मान जराशी कललेली. खालची ओळ कुणी वाचलीच नाही. मावळातून दोन गाड्या भरून पाहुणे दुखवट्याला आले, आणि दारात त्यांना हिराबाईंनीच विचारलं, कोण गेलं म्हणून. मग सगळ्यांना चहा करून घातला.

"त्याचं काय न्हाई," त्या म्हणाल्या. "मेल्याची बातमी उठली की आयुष्य वाढतं म्हंत्यात. पर ही खालची ओळ कुणी लिव्हली?"

"मी."

"कंचं रान गेलं माझं?"

त्यांनी लसणीची टोपली बाजूला ठेवली. "अडीच एकर कंपनीला दिली, राजीखुशीनं. दोन एकर अजून हाय, घराच्या मागंच कांदा हाय, जाऊन बघ. ह्या चौदा खोल्या आमच्या. आनि ती भिंत पडकी नव्हती गं, ती आमीच पाडली हुती, वर मजला चढवायचा म्हनून. मी बघत हुते टँकरकडं. सकाळधरनं आला न्हवता. खोल्यांतली पोरं बिनआंघुळीची कामाला गेलती, त्यांना काय तोंड दावू म्हनून बसले हुते."

म्हणजे ज्या नजरेत मी एका संस्कृतीचा अस्त पाहिला होता, ती पाण्याच्या टँकरची वाट बघत होती.

"आनि मी म्हनलं हुतं, थांब, लुगडं बदलून येते. तू काय म्हनलीस?"

मला शब्दन् शब्द आठवत होता. "असंच राहू द्या आजी, नॅचरल वाटतं."

"न्याचरल," हिराबाई पप्पांकडे बघून म्हणाल्या. पप्पांनी मान खाली घातली.

पण खरी गोष्ट पुढंच होती. त्यांच्या नातवाचं लग्न ठरत आलं होतं. चाकणमधल्या एका घरची मुलगी, दोन्हीकडून पसंती. आणि मुलीच्या मामानं मोबाइलवर हा फोटो दाखवला. म्हातारी गेलेल्या जमिनीसाठी रडतेय, पुस्तकात छापून आलंय, मग छापलेलं खोटं कसं असेल? यांचं सगळं विकून झालंय, खोल्यांवर कर्ज असणार, असा त्यांनी अर्थ लावला. महिना झाला, तिकडून निरोप नव्हता. नातू कुणाशी बोलत नव्हता. हिराबाईंनी हे सांगताना आवाज चढवला नाही, त्यामुळे मला जास्त लाज वाटली. मी सहीचा फॉर्म पिशवीतून काढलाही नव्हता.

"अक्का," पप्पा म्हणाले, "माल आमचा, चूक आमची. रिवर्क करून देतो."

"म्हंजी?"

"जेवढी पुस्तकं आहेत तेवढ्यांवर खरी ओळ चिकटवायची. पण आधी एकच करायचं. ते तुम्ही तपासा. तुम्ही पास केलं तरच बाकीची."

कंपनीत असंच असतं. मशीन लावलं की पहिला पीस इन्स्पेक्टरकडे जातो, त्यानं ओके म्हटल्याशिवाय दुसरा निघत नाही. मी एवढी वर्षं या पट्ट्याचे फोटो काढले, पहिला पीस कुणालाच दाखवला नव्हता.

"मग आत्ताच कर की," हिराबाई म्हणाल्या.

पप्पांच्या शर्टाच्या खिशात पेन असतं आणि पाकिटात पांढरी लेबलं. निवृत्त होऊन सात वर्षं झाली तरी असतात. डाळींच्या डब्यांवर चिकटवायला वापरतात. त्यांनी चष्मा लावला आणि हिराबाईंनी सांगितलेलं त्यांच्या गोल अक्षरात लिहिलं. त्यांच्या सुनेनं ते दोनदा मोठ्यानं वाचलं. 'म्हातारी हिराबाई' वर हिराबाई थांबल्या.

"म्हातारी न्हाई. मालकीण लिव्हा."

पप्पांनी नवं लेबल घेतलं. मग छापील ओळीवर ते बसलं, चारी कोपरे अंगठ्यानं दाबून: 'हिराबाई, खोल्यांच्या मालकीण, कुरुळी. टँकरची वाट बघताना. मागे नव्या मजल्याचं काम चालू.'

मी मागं जाऊन कांदा बघून आले, त्याचा फोटोही काढला. चांगला होता. तोवर हिराबाई हिरवं लुगडं आणि नथ घालून बाहेर आल्या आणि खोल्यांच्या पुढं उभ्या राहिल्या, हात बाजूला, मान ताठ, थेट कॅमेऱ्यात. अशा फोटोंना मी आजवर 'पोज' म्हणत आले. मी तो रंगीत काढला आणि काही सुचवलं नाही. दोरीवरचे शर्ट काढायचे का, एवढं विचारलं. राहू दे, म्हणाल्या, पोरं कामाची हायेत हे दिसू दे.

सही मात्र केली नाही. "पाव्हण्यांच्या हातात हे पुस्तक पडू दे. मग ये."

मग काय, चाकण. कुरुळीपासून जवळ आहे, पण तळेगाव चौकात आम्ही एवढा वेळ उभे होतो की शेजारच्या टेम्पोवाल्यानं पप्पांना शेंगदाणे दिले. मुलीच्या मामांचं पाइप आणि मोटरपंपाचं दुकान होतं. त्यांनी पुस्तक काउंटरवर ठेवून लेबल वाचलं, नखानं त्याची कड उचकटून खालची छापील ओळही वाचली.

"यातलं खरं कुठलं?"

"वरचं," मी म्हणाले. "खालचं मी त्यांना न विचारता लिहिलं होतं."

"न विचारता पुस्तकात छापता तुम्ही?"

"हो." मी नवा फोटो दाखवला, कांद्याचा पण दाखवला. मामा कांदा जास्त वेळ बघत राहिले.

"पोरगी शिकतेय अजून," पप्पा म्हणाले. मी छत्तीस वर्षांची आहे. मामांनी आमच्यासाठी चहा मागवला आणि पुस्तक ठेवून घेतलं.

उतरत्या उन्हात परत कुरुळीला आलो तेव्हा हिराबाईंना मामांचा फोन येऊन गेला होता. काय बोलणं झालं ते त्यांनी सांगितलं नाही. फॉर्म मागितला, भिंतीला टेकवला आणि एकेक अक्षर दाबून सही केली. वर पाच किलो कांदा. स्कूटरवर पुढं कांदा, मागं पप्पा, मधे मी. बॅलन्स खरंच चांगला राहिला.

पुढचे आठ-दहा दिवस संध्याकाळी आमच्या हॉलमधे कारखाना चालू होता. मी प्रिंटरवर लेबलं काढायचे, पप्पा चिकटवायचे. रशीदभाईंच्या पानावर आता 'दार उघडून देणारे रशीदभाई' आहे. उत्तमकाकांच्या पानावर काकूंना विचारून 'स्वेटर मरून आहे' असं लिहिलं. मधेच एकदा हिराबाईंचा आवाजी निरोप आला, मागं कुणीतरी हसत होतं: "सुपारी फुटली. लग्नाला ये, आनि त्यो डबडा आन." डबडा म्हणजे माझा कॅमेरा.

शेवटचा गठ्ठा बांधताना मी म्हणाले, "पप्पा, तुमचीच सही राहिली."

"माझं लेबल कुठाय?"

त्यांनी पान एकतीस उघडून माझ्याकडे वळवलं. "मी दमलो नव्हतो. झोपलोही नव्हतो."

"मग?"

"तुझी आई आत भांडी घासत होती. गॅस सिलिंडरचा नंबर लावायला विसरलो म्हणून मला बोलत होती. मी झोपलोय असं दाखवत होतो." त्यांनी पुस्तक मिटलं. "ऐकायला बरं वाटत होतं."

मला तो दिवस आठवला. आईचा आवाजही आठवला, कारण मी तिला म्हणाले होते, आई दोन मिनिटं गप्प बस, उजेड छान आहे. मी लॅपटॉपवर मूळ फाइल उघडली. फोटो रंगीत होता आणि पुस्तकातल्यापेक्षा रुंद होता. उजवीकडचा भाग मी कापला होता, लक्ष विचलित करतो म्हणून. तिथं स्वयंपाकघराचं दार होतं आणि दारात आईचा हात, कोपरापासून पुढं, हिरव्या बांगड्या साबणाच्या फेसानं भरलेल्या, बोटं पप्पांच्या दिशेनं उगारलेली. आठ महिन्यांनी ती गेली. हा फोटो माझ्याकडे होता आणि मी तिला त्यातून कापलं होतं. मी रडले. पप्पा रडले नाहीत, ते स्क्रीनच्या जवळ गेले आणि म्हणाले, "ते पातेलं अजून आहे आपल्याकडे."

मी कलादालनवाल्या बाईंना फोन केला. नवीन ओळी त्यांना चालणार होत्या, उलट त्यांना त्या 'इंटरेस्टिंग' वाटल्या. पण एकच फोटो रंगीत आणि रुंद, तो मालिकेत बसत नाही, म्हणाल्या. 'थकवा' जसा आहे तसा द्या. मी म्हणाले, मग एकोणीसच लावा. प्रदर्शन झालं. रशीदभाई शुक्रवारी दुकान लवकर बंद करून आले आणि स्वतःच्या फोटोपुढं उभं राहून त्यांनी रंगीत सेल्फी घेतला.

या सहलीतून काय मिळालं, तर पाच किलो कांदा, जो संपला, आणि एक सवय, जी त्रासदायक आहे. आता मी फोटो काढला की तो आधी त्या माणसाला दाखवते आणि खाली काय लिहू ते विचारते. काम फार हळू चालतं. लोक लुगडं बदलायला जातात, भांग पाडतात, मुलांना हाका मारतात. पाठमोरे फोटो जवळपास बंदच झालेत.

विसावा फोटो मी फ्रेम करून घरी आणला. हातोडी आणि खिळा घेऊन स्टुलावर चढले.

"माझा फोटो भिंतीवर?" पप्पा म्हणाले. "मी अजून आहे."

"रंगीत आहे, पप्पा."

त्यांनी चष्मा लावला, फ्रेम खिडकीशी नेऊन चारी कडा तपासल्या, बांगड्यांवरून अंगठा फिरवला.

"मग लाव," ते म्हणाले, आणि त्यांच्या खुर्चीच्या अगदी समोरची जागा दाखवली.